कंबर राहू द्या, लांबी कापा

पंचवीस वर्षं मी रंगमंचावर राजा होतो आणि ती पंचवीसही वर्षं माझी कंबर चौतीस होती. दर नव्या नाटकाच्या आधी मी कपडेपटाच्या खोलीत पोट आत ओढून उभा राहायचो. टाचणी माझ्याभोवती टेप फिरवायची आणि ओठांत धरलेल्या टाचण्यांच्या फटीतून म्हणायची, "चौतीस. राजे, कमाल आहे बाई तुमची!" मग मी मान ताठ करून बाहेर पडायचो, आणि त्या संध्याकाळी माझं शेवटचं वाक्य बाल्कनीच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचायचं.

टाचणी म्हणजे आमच्या नाट्यगृहाची कपडेपटवाली. खरं नाव पगाराच्या कागदावर होतं, तिथेच राहिलं. बाविसाव्या वर्षी ती शिलाई मशीन चालवायला आली आणि बघता बघता अख्ख्या कपडेपटाची मालकीण झाली. ठेंगणी, काटक, चष्मा नाकाच्या शेंड्यावर. नवरा होता एके काळी. त्याची हकिगत ती एका दमात संपवायची, "गेला. बरं झालं."

तिची काम करायची एक पद्धत होती. कुठलाही कपडा शिवताना ती आतल्या बाजूला चार बोटं माया सोडायची, म्हणजे शिवणीच्या आत जादा कापड दुमडून ठेवायची. नट मंडळी दौऱ्यांवर खाऊन फुगायची. मग सगळे घरी गेले की टाचणी शिवण उसवायची, मायेतून दोन बोटं बाहेर काढायची, नवी टीप मारायची आणि जुन्या टिपेची खूण ओल्या फडक्याने इस्त्री करून अशी पुसायची की कपडा जन्मला तसाच वाटावा. दुसऱ्या दिवशी नट तोच अंगरखा चढवून म्हणायचा, "बघ, अजून बसतो!" टाचणी म्हणायची, "बसणारच."

का, असं नव्या मुलींनी विचारलं तर ती सांगायची, "नटाला कळलं ना आपण सुटलोय, की तो पहिल्या अंकात पोट सांभाळतो आणि दुसऱ्या अंकात संवाद विसरतो. कळू द्यायचंच नाही. कंबर तीच म्हणायची आणि कापड सोडायचं." ही युक्ती ती मुलींना सांगायची, आम्हाला नव्हे. मला तरी हे फार उशिरा कळलं. कुठे कळलं, ते पुढे येईलच.

नवरा गेल्यावर ती थोरल्या भावाकडे राहायची. भावाचं घर लहान. हिची खाट दोन खोल्यांमधल्या बोळात, पडद्यामागे. दिवसा खाट दुमडून भिंतीला लावायची. वहिनी वाईट नव्हती, पण बोळातून येता-जाता पडदा सरकवायची ती न विचारता. "राजे," टाचणी एकदा मला म्हणाली होती, "मी इतकी वर्षं पडद्याच्या धंद्यात आहे, पण मला दार पाहिजे. आतून कडी असलेलं."

एकेचाळिसाव्या वर्षी तिने दार घेतलं. तिसरा मजला, एक खोली आणि स्वयंपाकघर, खिडकीतून समोरच्या लॉन्ड्रीची मागची भिंत. मशीन खिडकीशी. साठवलेलं सगळं ओतलं आणि वर बारा लाखांचं कर्ज काढलं, वीस वर्षांचं. हप्ता दहा हजार आणि वर काही चिल्लर. वास्तविक तिच्या पगाराच्या मानाने तो हप्ता म्हणजे अंगाला चिकटलेला कपडाच होता. श्वास घेतला तर शिवण उसवेल असा. पण पहिल्याच आठवड्यात मी भेटायला गेलो तर बाईंनी मला आत घेतलं, कडी लावली, काढली, परत लावली. "ऐकलंत?" म्हणाली. मी म्हटलं, "संगीत आहे." तेव्हा ती इतकी हसली की डोळे पुसायला टेपच वापरली.

त्यानंतर ती सगळ्यांना एकच सांगायची, "एकसष्टाव्या वर्षी घर माझं." आणि वर तोरा असा, "इतकी वर्षं झाली, माझा हप्ता एका पैशाने वाढला नाही! लोकांचे बघा कसे वाढतात. माझी बँक चांगली आहे." प्रकाशयोजनावाल्याने एकदा विचारलं, "मावशी, बँकेचे मेसेज वाचता का तुम्ही?" ती म्हणाली, "वाचायचंय काय? हप्ता जातो, तेवढा जातो. तेवढंच बघायचं."

अकरा वर्षं अशीच गेली. मी तोवर रंगमंच सोडला होता. गुडघ्यांनी राजीनामा दिला, मी फक्त सही केली. आणि एके दिवशी नाट्यगृहाने ठरवलं की यापुढे कपडे भाड्याने आणायचे, कपडेपट बंद. टाचणीच्या हातावर दीड लाख ठेवले आणि तीन महिन्यांची मुदत दिली. त्याच सुमारास तिच्या उजव्या अंगठ्याचा सांधा धरायला लागला होता. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं, जपून वापरलात तर आणखी सात-आठ वर्षं शिवाल. पुढचं सांगता येत नाही.

हे ऐकून भाऊ लगेच आला. "विकून टाक ते घर. कर्ज फेड, उरलेले जवळ ठेव आणि ये माझ्याकडे. खाट आहे अजून."

"खाट आहे रे दादा," ती म्हणाली. "दार आहे का?"

भावाने नाक मुरडलं. "बाई, नऊ वर्षं हप्ते कुठून भरणारेस? अंगठ्याने?"

ते तिला झोंबलं. दुसऱ्याच दिवशी ती माझ्या दारात उभी. "राजे, बँकेत चला. हे दीड लाख भरले तर नऊ वर्षांची किती वर्षं होतात ते विचारायचंय. तुम्ही नुसतं शेजारी बसायचं. बोलायचं नाही. चेहरा ठेवायचा."

चेहरा ठेवणं हे माझं आयुष्यभराचं काम. चाललो.

कर्जाच्या टेबलावर एक तरुण अधिकारी होता. गोड बोलणारा, गोल चेहऱ्याचा. गळ्याचं बटण लागत नव्हतं, म्हणून टायची गाठ त्यावर ओढून बसवली होती. टाचणीने बसायच्या आधीच ते टिपलं आणि मला कोपराने ढोसलं.

"माझी नऊ वर्षं राहिलीत," तिने सुरुवात केली.

अधिकाऱ्याने संगणकात खाते क्रमांक टाकला. पडद्याकडे पाहिलं. "नऊ नाही ताई. पंधरा वर्षं दहा महिने."

"दुसऱ्या कुणाचं असेल. पुन्हा बघा."

"तुमचंच आहे. बाकी नऊ लाख पंच्याऐंशी हजार."

टाचणीने पर्स मांडीवरून टेबलावर ठेवली. "अहो, मी बारा घेतले होते. अकरा वर्षं भरतेय. तेरा लाखांच्या वर गेले माझे. बारा घेतले, तेरा दिले आणि पावणेदहा बाकी? हा कुठला हिशोब?"

इथे माझ्याने राहवलं नाही. मी उठलो. छाती भरून श्वास घेतला आणि दरबारात गर्जना करावी तसा म्हणालो, "एका कष्टाळू स्त्रीच्या छपरावर तुम्ही..." पुढचं वाक्य मला येत नव्हतं, पण आवाज लागला होता. दाराशी बसलेला रखवालदार उठला. रांगेतल्या एका आजोबांनी टाळी वाजवली.

"राजे, खाली बसा," टाचणी म्हणाली. मी बसलो.

अधिकारी बिचारा घाबरला, पण पळाला नाही. पडदा आमच्याकडे वळवून त्याने सांगायला घेतलं. कर्ज घेतलं तेव्हा व्याज आठ टक्के होतं. दोन वर्षांनी ते साडेनऊ झालं. दर वाढला की दोनच वाटा असतात, हप्ता वाढवायचा नाही तर मुदत. "ग्राहकाने काही कळवलं नाही तर मुदत वाढते, आपोआप. हप्ता तोच राहतो. तसा मेसेज गेलाय तुम्हाला."

"पण मग माझे दहा हजार जात होते कुठे?"

"हप्त्यातून आधी व्याज वळतं होतं, ताई. उरेल ते मुद्दलात. दर वाढला तेव्हा तुमच्या दहातले नऊ हजार व्याजातच जात होते. आताही पावणेआठ जातात."

"आणि मला कळलं कसं नाही?"

"हप्ता बदलला नाही ना," तो हळूच म्हणाला. "म्हणून जाणवत नाही. तेवढ्यासाठीच तसं करतात. लोकांना त्रास नको."

टाचणीने मान खाली घातली. मग तिच्या खांद्यांना एक हिसका बसला. मला वाटलं रडतेय. हसत होती.

"कंबर तीच ठेवली," ती म्हणाली, "आणि लांबी सोडली. आतल्या आत. वरून इस्त्री मारून! अहो, हे काम माझं आहे. तीस वर्षं मी हेच करतेय, आणि मलाच टोपी घातलीत?" मग माझ्याकडे वळली. "राजे, तुमची कंबर चौतीस नव्हती. शेवटच्या नाटकात बेचाळीस होती."

मी त्या खुर्चीत होतो तसा बसून राहिलो. पोट मात्र आपलं आपण बाहेर आलं. इतक्या वर्षांनी त्याला सुट्टी मिळाली होती.

"बेचाळीस?" मी म्हटलं.

"साडेबेचाळीस. आता गप्प बसा, मला काम आहे." तिने चष्मा वर सरकवला. "हे दीड लाख भरते. काय होईल?"

अधिकाऱ्याचा चेहरा उजळला. "मुद्दल कमी होईल. हप्ता साडेआठ हजारांवर येईल. मोठा दिलासा मिळेल तुम्हाला."

"आणि वर्षं?"

"वर्षं तेवढीच."

"मग नको. कंबर राहू द्या, लांबी कापा."

"अं?"

"हप्ता आहे तोच ठेवा. मुदत कमी करा. होतं ना तसं?"

"होतं. फक्त अर्जात तसं लिहावं लागतं." त्याने आकडे टाकले. "अकरा वर्षं चार महिने."

टाचणीने माझ्याकडे पाहिलं, मी तिच्याकडे. दीड लाखात साडेचार वर्षं कापली गेली होती. दीड लाख म्हणजे तिचे पंधरा हप्तेसुद्धा नव्हेत, आणि साडेचार वर्षांचे हप्ते म्हणजे चोपन्न. हे गणित त्याने बोटांवर मोजून दाखवलं, कारण आम्हा दोघांनाही खरं वाटेना. मुद्दल आज फेडलं की त्यावर पुढे चढणारं सगळं व्याजच जन्माला येत नाही, असं तो म्हणाला. मला फार आवडलं ते वाक्य. मी नाटकात घेतलं असतं.

आता माझीही थोडी कामगिरी सांगतो. जवळचं मला दिसत नाही, पण लांबचं अजून लख्ख दिसतं. समोरच्या भिंतीवर एक जाहिरात होती, त्यात एक हसतं कुटुंब आणि मोठा आकडा. मी म्हटलं, "साहेब, तिथे गृहकर्ज सव्वाआठ टक्क्यांनी असं लिहिलंय. हिचं साडेनऊ कसं?"

अधिकाऱ्याने आवाज खाली आणला. "ते नव्या ग्राहकांना. जुन्यांनाही मिळतं, थोडी फी भरून अर्ज केला तर. मागितलं तर देतो आम्ही."

"आणि नाही मागितलं तर?" टाचणीने विचारलं.

त्याने टायची गाठ सैल केली.

"मागतेय. घाला."

"दहा वर्षं चार महिने."

"अजून कापा. हप्ता मी होऊन वाढवला तर चालेल?"

"चालेल. पण ताई, हप्ता वाढवून द्या म्हणत इथे कुणी येत नाही."

"मी आलेय. साडेबारा हजार घाला."

त्याने घातले आणि पडद्याकडे बघत राहिला. "साडेसात वर्षं."

बावन्न आणि साडेसात. साठीच्या आत. अंगठा चालतोय तोवर. टाचणीने ओठ असे मिटले, जणू त्यांत टाचण्या आहेत.

"पण ताई," तो म्हणाला, आणि मनापासून म्हणाला, "नोकरी तर सुटतेय म्हणालात. दरमहा अडीच हजार जास्तीचे आणायचे कुठून? एखादा हप्ता चुकला तर..."

"ते माझं मी बघते. घर माझं आहे. तुमच्या बँकेला अजून ते पटलेलं नाही, एवढंच. टाइप करा."

बाहेर पडल्यावर मी पायरीवर थांबलो आणि बोटातली अंगठी काढली. "ही विक. नाही म्हणू नकोस. माझी एक आठवण म्हणून..."

"राजे, ती नाटकातली आहे," टाचणी म्हणाली. "काचेची. मीच आणली होती."

मी अंगठी परत घातली. पण द्यायचं तर होतंच काहीतरी, आणि तिला जे हवं होतं ते तिलाच आधी सुचलं. त्याच दुपारी ती नाट्यगृहाच्या व्यवस्थापकासमोर जाऊन उभी राहिली. कपडेपटातल्या जुन्या पेट्या तो भंगारवाल्याला देणार होता.

"मला द्या," ती म्हणाली.

"काय करणार त्या चिंध्यांचं?"

"चिंध्या? त्यातल्या एकेका कपड्यात मी चार बोटं माया सोडलीय. बारीक माणसाला आत घेईन, जाड्याला सोडेन. शाळेच्या स्नेहसंमेलनाला राजा लागतो, कचेरीच्या नाटकाला शिपाई लागतो. सगळ्यांच्या अंगाला बसतील असे कपडे दुसऱ्या कुणाकडे आहेत का सांगा!"

व्यवस्थापकाने पेट्या दिल्या. भंगारवाला जेवढे देणार होता तेवढे पैसे मात्र कापून घेतले. त्यात मी माझी पेटी घातली. तीन अंगरखे, दोन शेले, एक मुकुट.

तिसऱ्या मजल्यावरची ती खोली अशी भरली की टाचणीला मशीनपर्यंत जायला वाट कोरावी लागे. भाड्याने कपडे आणि मापात बसवून द्यायचे, असा धंदा सुरू झाला. पहिल्या वर्षी फार ओढाताण झाली. दोन महिने तिने कानातलं गहाण ठेवून हप्ता भरला, आणि मला ते सोडवल्यावर सांगितलं. मी रागावलो तर म्हणाली, "तुम्ही मागच्या वेळी काच दिली होती."

एक गोष्ट मात्र कायमची बदलली. माप ती आता मोठ्याने सांगायची. कुणी शिक्षिका यायच्या, मुलांच्या नाटकात स्वतः राणी व्हायचं असायचं. "बत्तीस लिहा," म्हणायच्या. टाचणी म्हणायची, "लिहिते कशाला? उभ्या राहा." मग जिन्यापर्यंत ऐकू जायचं, "अडतीस!" शिक्षिका लाल व्हायच्या. "रागावू नका," टाचणी सांगायची. "कपडा अडतीसचाच देते आणि देखणा देते. पण आकडा आपल्याला माहीत पाहिजे. मी नाही माहीत करून घेतला, मला सोळा वर्षं चिकटवली होती."

बँकेचा प्रत्येक मेसेजही ती आता मोठ्याने वाचायची. चौथ्या वर्षी व्याज पुन्हा थोडं चढलं. मेसेज आला आणि बाई दुसऱ्या दिवशी बँक उघडायच्या आधी दाराशी हजर. "हप्ता वाढवा हवा तर. मुदत जागची हलता कामा नये."

भाऊ अधूनमधून यायचा, पेट्यांवर बसायचा. खाटेचा विषय हळूहळू मागे पडला. एकदा त्याने स्वतःच विचारलं, "माझ्या कर्जाचं पण जरा बघतेस?" टाचणी म्हणाली, "दादा, कंबर किती सांगतोस आणि लांबी किती?" तो गोंधळला, मी मात्र खो खो हसलो.

आणि मग तो दिवस आला. साठीला अजून काही महिने होते. अंगठ्याला पट्टी होती, पण अंगठा होता. आम्ही दोघं बँकेत गेलो, भाऊही आला. अधिकारी तोच. आता मोठा साहेब झाला होता आणि टायची गाठही मोठी झाली होती. त्याने घराचे मूळ कागद टाचणीच्या हाती दिले, उठून उभं राहून दिले.

"ताई, तुमचा परतफेडीचा इतिहास इतका उत्तम आहे की तुम्हाला नवं कर्ज आधीच मंजूर झालंय. मोठं घर घ्या."

"आधी हे सांगा, या घराचे एकूण किती दिले मी?"

"ते आता कशाला..."

"मोठ्याने सांगा."

त्याने पडद्यावर पाहिलं. "सव्वीस लाखांच्या थोडे वर."

"बारा लाखांच्या कर्जाचे."

"हो. पण ताई, त्या दिवशी आला नसतात तर बत्तीस झाले असते."

"बरं," टाचणी म्हणाली. तिने आकड्याला मान डोलावली, जशी कुठल्याही मापाला डोलवायची. "नवं कर्ज नको. पण तुमचे शर्ट घेऊन या. गळा सोडून देते. आकडा मोठ्याने सांगेन, चालेल ना?"

साहेबाने इकडे तिकडे पाहिलं आणि लाजत मान हलवली.

घरी आलो. तीन जिने मी आता एका दमात चढत नाही, प्रत्येक मजल्यावर एक छोटा विराम घेतो. वर पोचलो तर टाचणी कागद पोटाशी धरून दारात उभी. तिने कुलूप काढलं, आत गेली आणि आमच्या तोंडावर दार लावलं.

कडी लागली. निघाली. परत लागली. परत निघाली.

भाऊ जिन्यात घाम पुसत होता. "अगं, उघड ना! हे राजे ऐंशीच्या घरात आहेत. किती वेळ बाहेर उभं करणारेस?"

"अठरा वर्षं सहा महिने मी उभी होते," आतून आवाज आला. "तुम्ही दोन मिनिटं थांबा."

कडी पुन्हा लागली.